रदरफर्ड, मार्गारेट

रदरफर्ड, मार्गारेट : (११ मे १८९२–२२ मे १९७२). इंग्रजी रंगभूमी व चित्रपट यांवरील विख्यात चरित्र-अभिनेत्री. वयाची तेहतीस वर्षे उलटल्यावर तिने रंगभूमीवर पाऊल ठेवले आणि चव्वेचाळिसाव्या वर्षी ती प्रथम चित्रपटात दिसली. रूढ अर्थाने नायिकेची भूमिका तिच्या वाट्याला क्वचितच आली. तथापि विसाव्या शतकाच्या मध्यातील ब्रिटिश सुखात्मिकेचा इतिहास तिच्या नावाशिवाय पुरा होत नाही. शाळेची मुख्याध्यापिका, परिचारिका, आत्याबाई, विदुषी, प्रेतात्म्यांशी संपर्क साधणारी मांत्रिक बाई अशा दुय्यम भूमिकांना तिने जे स्थान मिळवून दिले, त्यातून साहाय्यक अभिनेत्रीच्या कलेचे स्वरूप व सामर्थ्य स्पष्ट होते.

कौटुंबिक पार्श्वभूमी : मार्गारेटचा जन्म लंडनच्या दक्षिण भागातील बॅलम येथे झाला. तिच्या वडिलांचे मूळ नाव विल्यम रदरफर्ड बेन. हे घराणे धर्मनिष्ठ व सार्वजनिक कार्यात पुढे असलेले होते. विल्यमचे वडील ज्यूलियस बेन हे धर्मोपदेशक होते, तर त्याचा भाऊ जॉन बेन हा पुढे लंडनच्या नागरी राजकारणात प्रसिद्धीस आला. १८८२ च्या अखेरीस विल्यमचा विवाह फ्लॉरेन्स निकल्सन हिच्याशी झाला. त्यानंतर लवकरच त्याचे मानसिक संतुलन बिघडले. हवापालटासाठी वडिलांनी त्याला डार्बीशर परगण्यातील मॅटलॉक येथे नेले असता, ४ मार्च १८८३ रोजी वेडाच्या भरात त्याने खोलीतील जड भांडे डोक्यात घालून त्यांची हत्या केली. त्याला वेडसर ठरवून ब्रॉडमुर येथील गुन्हेगार मनोरुग्णांच्या रुग्णालयात ठेवण्यात आले. १८९० मध्ये त्याची सुटका झाली. पत्नी त्याच्याकडे परत आली व ह्या दांपत्याने बेन हे आडनाव टाकून रदरफर्ड एवढेच नाव धारण केले. त्यानंतर दोन वर्षांनी मार्गारेटचा जन्म झाला.

नवे आयुष्य सुरू करण्याच्या हेतूने हे कुटुंब भारतात मद्रास येथे आले. मार्गारेटचे अगदी बालपणीचे दिवस तेथे गेले. परंतु ती तीन वर्षांची असतानाच तिच्या आईने, पुन्हा गरोदर असताना, गळफास लावून घेऊन आत्महत्या केली. मुलीची रवानगी इंग्लंडमध्ये विंबल्डन येथे राहणाऱ्या बेसी निकल्सन ह्या अविवाहित मावशीकडे करण्यात आली आणि मावशीनेच तिचे संगोपन केले. वडील वारले असे तिला सांगण्यात आले होते. वस्तुतः ते हयात होते. पुढे त्यांना पुन्हा ब्रॉडमुर येथे दाखल करण्यात आले व १९२१ मध्ये त्यांचा मृत्यू झाला. ही हकीकत मार्गारेटला शाळकरी वयात कळली. आईवडिलांप्रमाणे आपल्यालाही वेड लागेल, ही धास्ती तिला जन्मभर पुरली. तिला वेळोवेळी नैराश्याचे झटके येत व त्यासाठी उपचार घ्यावे लागत. आपल्या हयातीत तिने कुटुंबाची ही कथा जाहीरपणे कधीच सांगितली नाही.

बेन घराण्याचा भारताशी आणखीही एक संबंध आहे. जॉन बेनचा मुलगा, म्हणजे मार्गारेटचा सख्खा चुलत भाऊ, विल्यम वेजवुड बेन हा १९२९ ते १९३१ ह्या काळात ब्रिटिश मंत्रिमंडळात भारतमंत्री होता. मिठाचा सत्याग्रह व पहिली गोलमेज परिषद ह्या घटना त्याच्याच कारकीर्दीत घडल्या. मजूर पक्षाचा नेता टोनी बेन हा त्याचा मुलगा.

शिक्षण व उमेदवारी : मार्गारेटचे शिक्षण विंबल्डन येथे व नंतर ससेक्स परगण्यातील एका निवासी शाळेत झाले. पियानोवादनाची व्यावसायिक पदविका तिने मिळविली आणि अनेक वर्षे पियानो व वक्तृत्व यांच्या शिकवण्या करून ती उदरनिर्वाह करीत असे. विद्यार्थ्यांच्या घरोघरी ती सायकलवरून जाई. नटी होण्याची तिची इच्छा जुनी होती. परंतु मावशीला सोडून जाणे तिला शक्य नव्हते. मावशीच्या मृत्यूनंतर वारसाहक्काने थोडी रक्कम हाती आली, तेव्हा १९२५ मध्ये तिने लंडनच्या ‘ओल्ड व्हिक’ ह्या नाट्यसंस्थेत उमेदवार म्हणून प्रवेश मिळविला. तेथे किरकोळ भूमिकांपलीकडे काही मिळाले नाही व हंगाम संपताच तिला पुन्हा शिकवण्यांकडे वळावे लागले. १९३० च्या सुमारास ऑक्सफर्ड येथील नाट्यमंडळीत काम करीत असताना स्ट्रिंगर डेव्हिस ह्या नटाशी तिचा परिचय झाला. डेव्हिसच्या आईचा ह्या संबंधाला विरोध असल्याने विवाह लांबत गेला आणि तिच्या निधनानंतर, १९४५ मध्ये, तो पार पडला. त्या वेळी मार्गारेट ५२ वर्षांची होती.

लंडनच्या मध्यवर्ती रंगभूमीवर ती १९३३ मध्ये आली. जॉन गिलगुडने दिग्दर्शित केलेल्या स्प्रिंग मीटिंग (१९३८) ह्या नाटकात शर्यतींवर चोरून पैसे लावणाऱ्या प्रौढ कुमारिकेची भूमिका तिने केली आणि तिचे नाव सर्वतोमुखी झाले. पुढच्याच वर्षी गिलगुडच्याच दिग्दर्शनाखाली ऑस्कर वाइल्डच्या द इंपॉर्टन्स ऑफ बीइंग अर्नेस्ट ह्या सुखात्मिकेत तिने मिस प्रिझम साकारली. १९४० मध्ये रिबेका ह्या नाटकात मिसेस डॅन्व्हर्स ह्या भेसूर गृहव्यवस्थापिकेची भूमिका तिने केली. तिची गंभीर अभिनयाची शक्ती ह्या भूमिकेत दिसली. परंतु सप्टेंबर १९४० मध्ये जर्मन बाँबहल्ल्यात नाट्यगृहच उद्ध्वस्त झाल्याने प्रयोग थांबले. त्यानंतर तशा प्रकारच्या भूमिका तिच्याकडे क्वचितच आल्या.

साहाय्यक भूमिकांची परंपरा : रदरफर्डची कारकीर्द समजून घेण्यासाठी तत्कालीन ब्रिटिश चित्रपटव्यवसायाची घडण ध्यानात घेणे आवश्यक आहे. अमेरिकन चित्रपटांच्या लोंढ्याला आवर घालण्यासाठी १९२७ मध्ये ब्रिटनमध्ये एक कायदा करण्यात आला. त्यानुसार वितरक व चित्रपटगृहांचे चालक यांना ठराविक प्रमाणात ब्रिटिश चित्रपट घेणे सक्तीचे झाले. परिणामी चित्रपटांची संख्या वाढली आणि लहानमोठ्या भूमिकांसाठी तयार नटनटींची मागणीही वाढली. डेनम, पाइनवुड, ईलिंग, एल्स्ट्री इ. ठिकाणची चित्रपटनिर्मितिगृहे लंडनच्या परिसरातच असल्याने दिवसा चित्रीकरण व रात्री नाटकाचा प्रयोग असा दुहेरी व्यवसाय नटांना करता येई. अमेरिकेत रंगभूमीचे केंद्र न्यूयॉर्क व चित्रपटाचे हॉलिवुड अशी हजारो कि. मी.ची फारकत होती. ब्रिटनमध्ये ती नव्हती. त्यामुळे शेक्सपिअर, शेरिडन व वाइल्ड यांच्या नाटकांत मुरलेले कलावंत चित्रपटातील पाच-दहा मिनिटांच्या भूमिकाही सहज करीत. ब्रिटिश चित्रपटातील दुय्यम पात्रांच्या ठसठशीतपणाचे हे एक प्रमुख कारण होय.

ह्या भूमिकांची वाटणी बरीचशी वर्गभेदानुसार होई. कॅथलीन हॅरिसन व आयरीन हँडल ह्या लंडनच्या कष्टकरी वस्तीतील मोलकरणी व गृहिणी रंगवीत. जॉइस ग्रेनफेलकडे संकोची, उंच, मध्यमवर्गीय स्त्रिया येत. हर्मायनी बॅडलीकडे खानावळवाल्या किंवा फटकळ मैत्रिणी. रूम ॲट द टॉप (१९५९) ह्या चित्रपटातील बॅडलीची भूमिका अवघी अडीच मिनिटांच्या आसपास आहे; तरीही तिला ऑस्कर पारितोषिकासाठी नामांकन मिळाले. रदरफर्डच्या वाट्याला प्रामुख्याने आल्या त्या खालावलेल्या प्रतिष्ठित कुळांतील, एकट्या, हट्टी व निर्भय अशा वयस्क स्त्रिया. पहिल्या महायुद्धात तरुण पुरुषांची एक पिढीच्या पिढी कामी आली होती व अविवाहित राहिलेल्या स्त्रियांची संख्या इंग्लंडमध्ये मोठी होती. शाळा, ग्रंथालये, रुग्णालये व गावोगावची मंडळे त्यांच्याच बळावर चालत. अशा स्त्रीची टिंगल करण्याची प्रथा विनोदी लेखनात रूढ होती. रदरफर्डने ह्याच साच्यातील पात्रे रंगविली. मात्र प्रेक्षकांचा कौल तिने पात्राच्या बाजूने वळविला.

मादाम आर्काती : रदरफर्डच्या पहिल्या चित्रपट-भूमिका १९३६ मधील असून त्या सामान्य प्रतीच्या होत्या. अँथनी ॲस्क्विथच्या द डेमी-पॅरडाइस (१९४३) ह्या चित्रपटात गावच्या ऐतिहासिक देखाव्याची सूत्रे हलविणारी उत्साही बाई तिने रंगविली. तथापि तिची खरी ओळख नोएल कॉवर्डच्या ब्लाइद स्पिरिट ह्या नाटकाने करून दिली. २ जुलै १९४१ रोजी लंडनच्या पिकॅडिली नाट्यगृहात त्याचा प्रयोग झाला, तेव्हा शहर बाँबहल्ल्यांतून नुकतेच सावरत होते. एक कादंबरीकार लेखनाला सामग्री मिळावी म्हणून मादाम आर्काती नावाच्या बाईला घरी बोलावतो. ती प्रेतात्म्यांना पाचारण करते आणि त्याची मृत पहिली पत्नी खरोखरच अवतरते, असे ह्याचे कथानक. मृत्यू घरोघर येऊन गेला असताना मृत्यूवर हसविणारे नाटक कितपत रुचेल, अशी शंका घेतली जात होती. प्रत्यक्षात त्याचे १,९९७ प्रयोग झाले. संगीतविरहित नाटकांच्या बाबतीत लंडनच्या रंगभूमीवरील हा उच्चांक १९५७ पर्यंत टिकला. तो ॲगाथा ख्रिस्तीच्या द माउसट्रॅपने मोडला.

ही भूमिका कॉवर्डने रदरफर्डला डोळ्यांसमोर ठेवूनच लिहिली होती. परंतु ती स्वीकारण्यास ती प्रथम तयार नव्हती. परलोकविद्येवर श्रद्धा असणाऱ्यांची चेष्टा करणे तिला पसंत नव्हते. अखेरीस तिने होकार दिला तो पात्र पूर्ण गांभीर्याने उभे करण्याच्या निश्चयाने. तिची आर्काती सायकलवरून येते, पोटभर जेवते, व्यायामशिक्षिकेच्या तडफेने खोलीभर वावरते आणि आपल्या विद्येविषयी तिला तिळमात्र शंका नसते. प्रेतात्मा खरोखरच आला आहे हे कळताच तिला भीती वाटत नाही. दीर्घकाळ कष्ट केलेल्या कारागिराला यश लाभावे तसा निर्भेळ आनंद तिला होतो. डेव्हिड लीनने ह्या नाटकावर काढलेल्या रंगीत चित्रपटातही (१९४५) तीच भूमिका तिने केली. रेक्स हॅरिसन व अन्य प्रमुख नटांसमवेत असूनही प्रेक्षकांच्या स्मरणात राहिली ती आर्कातीच.

युद्धोत्तर सुखात्मिका : दुसऱ्या महायुद्धानंतरचे दशक हा ब्रिटिश विनोदी चित्रपटाचा भरभराटीचा काळ मानला जातो. १९४६ मध्ये ब्रिटनमध्ये सु. १६४ कोटी तिकिटे विकली गेली. हा तेथील आजवरचा उच्चांक आहे. टंचाई व नियंत्रित वाटप यांनी लोक कंटाळले होते व सरकारी नियमांना बगल देणाऱ्या सामान्य माणसांच्या कथा त्यांना भावत. मिरांडा (१९४८) ह्या चित्रपटात रदरफर्डने एका जलपरीची शुश्रूषा करणारी परिचारिका रंगविली. रुग्ण अर्धी मासा आहे ह्याचे तिला नवल वाटत नाही. आनंद तेवढा होतो.

ईलिंग निर्मितिसंस्थेच्या पासपोर्ट टू पिम्लिको (१९४९) ह्या हेन्‍री कॉर्नेलियस-दिग्दर्शित चित्रपटात तिने प्राध्यापिका हॅटन-जोन्सची भूमिका केली. लंडनच्या पिम्लिको भागात न फुटलेल्या बाँबचा स्फोट होऊन एक भुयार उघडे पडते आणि त्यातील जुन्या सनदेवरून तो भाग बर्गंडीच्या ड्यूकच्या मालकीचा असल्याचे निष्पन्न होते, अशी ह्यामागील कल्पना. सनद खरी असल्याचा निर्वाळा देणारी इतिहासतज्ञ म्हणजे ही प्राध्यापिका. भूमिकेचा विस्तार अल्प आहे. मात्र संपूर्ण कथेचा डोलारा तिच्या साक्षीवर उभा आहे. ही बाई प्रेक्षकांना खरी विदुषी वाटली नाही, तर पुढील घटनांवर विश्वासच बसणार नाही. रदरफर्डने शतकांपूर्वीच्या राजघराण्यांविषयी अशा तन्मयतेने बोलून दाखविले, की प्रेक्षक असंभाव्य गोष्ट मुकाट्याने मान्य करतात. साहाय्यक भूमिकेचे कथानकातील कार्य काय असते, ह्याचे हे उत्तम उदाहरण म्हणता येईल.

जॉन डाइटनच्या द हॅपिएस्ट डेज ऑफ युअर लाइफ ह्या नाटकात (१९४८) व त्यावरील फ्रँक लाँडर-दिग्दर्शित चित्रपटात (१९५०) तिने मुलींच्या शाळेच्या मुख्याध्यापिकेची, मिस व्हिटचर्चची, भूमिका केली. सरकारी खात्याच्या घोटाळ्यामुळे मुलींची शाळा मुलांच्या शाळेच्याच इमारतीत येऊन दाखल होते आणि दोन्ही शाळांच्या प्रमुखांत जागेसाठी लढा जुंपतो. चित्रपटात मुलांच्या शाळेचा मुख्याध्यापक अलिस्टर सिम ह्या श्रेष्ठ विनोदी नटाने रंगविला. तो कावेबाज व खचलेला, तर ती अढळ व आक्रमक; ह्या दोघांची जुगलबंदी हा चित्रपटाचा प्राण ठरला. चित्रपटाला मिळालेल्या यशातून ‘सेंट ट्रिनियन’ मालिकेतील शालेय सुखात्मिकांची वाट मोकळी झाली.

अभिनयपद्धती : ॲस्क्विथच्या द इंपॉर्टन्स ऑफ बीइंग अर्नेस्ट (१९५२) ह्या चित्रपटात रदरफर्डने पुन्हा मिस प्रिझमची भूमिका केली, लेडी ब्रॅकनेलच्या भूमिकेत ईडिथ एव्हन्झ होती. १९४७ मध्ये गिलगुडच्या नाटकमंडळीबरोबर अमेरिकेत गेली असता रदरफर्डने लेडी ब्रॅकनेलही रंगविली होती. मिस प्रिझमने तरुणपणी वेंधळेपणाने आपल्या कादंबरीचे हस्तलिखित बाबागाडीत व तान्हे मूल हातपिशवीत ठेवलेले असते आणि ती पिशवी रेल्वेस्थानकावर हरवलेली असते. अखेरच्या प्रवेशात पिशवी समोर येते, तेव्हा मुलाचे काय झाले ह्याकडे सर्वांचे लक्ष असते. प्रिझम मात्र पिशवीवरचे डाग व ओरखडे ओळखण्यात रमते. रदरफर्ड हा प्रसंग हरवलेले जिवलग माणूस सापडल्याच्या उत्कटतेने करते. प्रेक्षक हसतात, परंतु एका एकाकी शिक्षिकेजवळ आयुष्यात आपली म्हणावी अशी वस्तू एवढीच होती, ही जाणीवही त्या हसण्याला चिकटून राहते.

तिच्या विनोदाचे मर्म येथे सापडते. आपण हसवीत आहोत ह्याची पात्राला जाणीव असल्याचे ती कधीही दाखवीत नसे. भरघोस बांधा, पुढे काढलेली हनुवटी, लोंबते गाल, खांद्यावरची शाल वा आखूड झगा आणि शब्दाशब्दांचा स्पष्ट उच्चार ही तिची बाह्य साधने होती. वक्तृत्वाच्या शिक्षिकेचा अनुभव तिला येथे उपयोगी पडला. लांबलचक वाक्य एका दमात म्हणून नेमक्या शब्दावर क्षणभर थांबण्याचे तिचे कौशल्य पियानोवादनातून आलेल्या तालाच्या जाणिवेशीही जोडता येईल. विनोदी नटी म्हणून आपल्याकडे पाहिले जावे, असा तिचा हेतू मूळचा नव्हता. गंभीर भूमिकांची ओढ तिला अखेरपर्यंत होती. विक्षिप्तपणा ही तिच्या लेखी थट्टेची बाब नव्हती. मनाचा तोल जाणे म्हणजे काय, हे घरच्या इतिहासातून जिने जाणले होते, तिच्या हातून विक्षिप्त माणसांचे चित्रण नेहमी आदराने व्हावे, हे स्वाभाविक होते.

दूरचित्रवाणीचे आव्हान : पन्नाशीच्या दशकात दूरचित्रवाणीच्या प्रसारामुळे ब्रिटनमधील चित्रपटगृहे झपाट्याने ओस पडू लागली. १९६० पर्यंत वार्षिक प्रेक्षकसंख्या सु. ५० कोटींवर आली, म्हणजे १९४६ च्या तुलनेत एक-तृतीयांशाहूनही कमी झाली. ह्या काळात रदरफर्डने नॉर्मन विझ्डमबरोबरच्या ट्रबल इन स्टोअरमध्ये (१९५३) दुकानातील वस्तू शिताफीने लांबविणारी सभ्य बाई रंगविली. आय ॲम ऑल राइट जॅकमध्ये (१९५९) ती कामगारांच्या संपाकडे सरदारी तोऱ्यात पाहणारी आत्या झाली. विशेष लक्षणीय आहे तो बेझिल डिअर्डनचा द स्मॉलेस्ट शो ऑन अर्थ (१९५७) हा चित्रपट. एका तरुण दांपत्याला वारसाहक्काने मोडकळीस आलेले चित्रपटगृह मिळते आणि त्याबरोबर तीन म्हातारे नोकरही. त्यांपैकी यंत्रचालकाची भूमिका पीटर सेलर्सने, द्वारपालाची बर्नार्ड माइल्सने व तिकिटे विकणाऱ्या मिसेस फॅझकलीची रदरफर्डने केली. ही बाई पूर्वी मूकपटांना पियानोची साथ देत असे. एका रात्री हे तिघे स्वतःसाठीच जुना मूकपट लावतात आणि ती पियानोवर बसते. हशा थांबून तेथे एक युग मावळल्याची हळहळ उरते. लोप पावत चाललेल्या व्यवसायाचे असे हृद्य दर्शन ब्रिटिश चित्रपटात विरळा आहे.

रंगभूमीशीही तिचे नाते अखंड होते. जाँ आनुईच्या नाटकाचे क्रिस्टोफर फ्रायने केलेले रूपांतर रिंग राउंड द मून (१९५०) आणि काँग्रीव्हचे द वे ऑफ द वर्ल्ड (१९५३) ह्यांतील तिच्या भूमिका गाजल्या.

मिस मार्पल : तिच्या दीर्घ दुय्यम कारकीर्दीला वयाच्या एकोणसत्तराव्या वर्षी अनपेक्षित कलाटणी मिळाली. ॲगाथा ख्रिस्तीच्या कादंबऱ्यांतील मिस मार्पल ह्या वृद्ध गुन्हेशोधिकेची भूमिका तिला देण्यात आली. गुन्हेगारी व खून हे विषय तिला रुचत नसल्याने प्रारंभी ती नाखूश होती. जॉर्ज पोलॉकच्या दिग्दर्शनाखाली मर्डर शी सेड (१९६१), मर्डर ॲट द गॅलप (१९६३), मर्डर मोस्ट फाउल (१९६४) व मर्डर अहॉय (१९६४) असे चार चित्रपट निघाले. त्यांपैकी दुसरा व तिसरा मुळात एर्क्यूल प्वारो ह्या गुप्तहेराच्या कादंबऱ्यांवर आधारलेले होते. चौथ्याची कथा ख्रिस्तीची नव्हतीच. भूमिका करताना स्वतःचेच कपडे वापरण्याचा व नवऱ्यालाही काम देण्याचा आग्रह तिने धरला. त्यानुसार स्ट्रिंगर डेव्हिससाठी मिस्टर स्ट्रिंगर हे भित्र्या, निष्ठावान ग्रंथपालाचे पात्र नव्याने निर्माण करण्यात आले.

ख्रिस्तीची मार्पल नाजूक बांध्याची, विणकाम करीत कोपऱ्यात बसून सर्वांचे ऐकणारी स्त्री आहे. रदरफर्डची मार्पल घोड्यावर बसते, तलवार चालविते व पोलिसांना दटावते. चित्रपटांनी केलेला हा बदल ख्रिस्तीला मान्य नव्हता. परंतु अभिनेत्रीविषयी तिला आदर होता आणि द मिरर क्रॅक्ड फ्रॉम साइड टू साइड (१९६२) ही मार्पल-कादंबरी तिने रदरफर्डलाच अर्पण केली. पहिल्या चित्रपटात एका किरकोळ भूमिकेत जोन हिक्सन ही साहाय्यक अभिनेत्री होती. ती मिस मार्पलला शोभून दिसेल असे ख्रिस्तीने १९४६ मध्येच तिला कळविले होते. १९८४ ते १९९२ ह्या काळात दूरचित्रवाणीवर हिक्सनने ती भूमिका मूळ कादंबऱ्यांना धरून केली व साहाय्यक अभिनेत्रीच्या उत्तरायुष्यातील यशाचे आणखी एक उदाहरण घालून दिले.

ऑस्कर पारितोषिक : टेरेन्स रॅटिगनच्या पटकथेवरून ॲस्क्विथने दिग्दर्शित केलेला द व्ही.आय.पी.ज (१९६३) हा चित्रपट धुक्यामुळे लंडनच्या विमानतळावर अडकलेल्या प्रवाशांची कथा सांगतो. एलिझाबेथ टेलर व रिचर्ड बर्टन ही त्या काळची सर्वाधिक चर्चेतील जोडी त्याचे आकर्षण होती. रदरफर्डने ब्रायटनची डचेस रंगविली. वडिलोपार्जित वाडा सांभाळण्यापुरता पैसा मिळावा म्हणून ही वृद्ध सरदारीण अमेरिकेत नोकरी पतकरते व जन्मात प्रथमच विमानाने निघते. गोळ्या घेऊन भीती दडपताना होणारी तिची तारांबळ हास्यकारक आहे. पण घर सोडावे लागण्याचे दुःख त्याआडून सतत जाणवते. ह्या भूमिकेसाठी एप्रिल १९६४ मध्ये तिला उत्कृष्ट साहाय्यक अभिनेत्रीचे ऑस्कर पारितोषिक मिळाले. ‘गोल्डन ग्लोब’ पारितोषिकही तिला लाभले. ऑस्करसाठी नामांकन मिळालेल्या अन्य चौघींपैकी तिघी टॉम जोन्स ह्या एकाच ब्रिटिश चित्रपटातील होत्या व त्यांत ईडिथ एव्हन्झही होती. लंडनच्या रंगभूमीवर घडलेल्या साहाय्यक अभिनेत्रींच्या परंपरेलाच जणू त्या वर्षी मान्यता मिळाली.

अखेरची वर्षे : व्ही.आय.पी.जमध्ये तिच्यासमवेत काम केलेल्या ऑर्सन वेल्सने शेक्सपिअरच्या ऐतिहासिक नाटकांवर आधारलेल्या चाइम्स ॲट मिडनाइट (१९६५) ह्या चित्रपटात तिला मिस्ट्रेस क्विकली ह्या खानावळवालीची भूमिका दिली. फॉल्स्टाफच्या मृत्यूचे वर्णन करणारे ह्या पात्राचे भाषण तिने संथ, साध्या स्वरात म्हटले आहे. गंभीर भूमिकांची जी संधी तिला मिसेस डॅन्व्हर्सनंतर फारशी मिळाली नव्हती, ती येथे काही क्षणांपुरती का होईना मिळाली. चार्ली चॅप्लिनच्या अ काउंटेस फ्रॉम हाँगकाँग (१९६७) ह्या अखेरच्या चित्रपटातही तिची लहानशी भूमिका आहे. १९६६ मध्ये शेरिडनच्या द रायव्हल्स ह्या नाटकात तिने मिसेस मॅलाप्रॉप साकारली. त्यानंतर स्मृतिभ्रंशाच्या विकाराने तिला ग्रासले व संवाद पाठ करणे अशक्य झाले.

१९६१ मध्ये ‘ओ. बी. ई.’ व १९६७ मध्ये ‘डेम’ हे किताब तिला देण्यात आले. तिला अपत्य नव्हते; डॉन लँग्ली सिमन्झ ह्या लेखिकेला तिने मानलेली मुलगी म्हणून जवळ केले होते. सिमन्झने पुढे तिचे चरित्र लिहिले (१९८३). आजारपणात स्ट्रिंगर डेव्हिसने तिची अखेरपर्यंत शुश्रूषा केली. बकिंगहॅमशर परगण्यातील चॅल्फंट सेंट पीटर येथे तिचे निधन झाले. पुढच्याच वर्षी डेव्हिसही मृत्यू पावला. दोघांचे दफन जेरर्ड्‌स क्रॉस येथे झाले.

मूल्यमापन : रदरफर्डने रंगविलेल्या व्यक्तिरेखांची परिघ मर्यादित होती, असा आक्षेप घेतला जातो आणि त्यात तथ्य आहे. निर्मात्यांनी तिच्याकडून पुनःपुन्हा तेच मागितले. विषय सामान्य असलेल्या अनेक चित्रपटांत तिची भूमिका तेवढी पाहण्याजोगी उरते. साठीच्या दशकातील कामगारवर्गाचे वास्तव चित्रण करणाऱ्या नव्या ब्रिटिश चित्रपटात तिच्या पात्रांना जागा नव्हती. तथापि ह्या मर्यादित परिघात तिने केलेले काम टिकाऊ आहे. समाजाने बाजूला सारलेली, नवरा, मुले, रूप वा पैसा यांपैकी काहीही नसलेली वयस्क स्त्री स्वतःला क्षुद्र मानीत नाही, हे तिने तीस वर्षे पडद्यावर दाखविले. ज्या अंधाराला ती आयुष्यभर भीत होती, त्याचा मागमूसही तिच्या भूमिकांत आढळत नाही. आढळते ती भीतीवर मात करणारी, थोडी वेंधळी पण न ढळणारी हिंमत. साहाय्यक अभिनेत्री म्हणून तिचे महत्त्व ह्या हिंमतीच्या दर्शनात आहे.